झांझिबार: 'गुलामांच्या तुरुंगा'च्या होडीत बसू नका

आधी हेच सांगतो, कारण पैसे माझे गेले. फोरोधानीच्या बागेसमोर होडीवाले 'स्लेव्ह प्रिझन, स्लेव्ह प्रिझन' करत मागे लागतात. मी साठ डॉलर मोजले. दुसऱ्या दिवशी हॉटेलात भेटलेल्या ठाण्याच्या कुटुंबाने तीच फेरी तिसात केली होती. बेटाचं नाव चांगू. तिथला तुरुंग बांधला १८९३ साली, म्हणजे शहरातला गुलामांचा बाजार बंद होऊन वीस वर्षं झाल्यावर. त्यात कैदी काही आलेच नाहीत, साथीच्या रोगांसाठी विलगीकरण केंद्र झालं. आता सेशेल्सहून आणलेल्या जातीची अजस्र कासवं आहेत. कासवं छान आहेत. पण त्यासाठी मी नाशिकहून आलो नव्हतो.

मी रोज शरणपूर रोडने ऑफिसला जातो. इंग्रजी आरमाराने अरबी गलबतांवरून सोडवलेली आफ्रिकन मुलं एकोणिसाव्या शतकात मुंबईला आणली जात, त्यातली कित्येक मिशनच्या शरणपूरच्या आश्रमात वाढली. मिशनरी आणि शोधक लिव्हिंग्स्टनचं प्रेत आफ्रिकेच्या आतून किनाऱ्यापर्यंत वाहून आणणाऱ्यांत नाशिकला शिकलेले होते. त्यातला जेकब वेनराइट १८७४ साली वेस्टमिन्स्टर अ‍ॅबीत दफनालाही हजर होता. हे कळल्यापासून पूर्व आफ्रिकेतल्या गुलामांच्या व्यापाराचं केंद्र असलेलं हे झांझिबार डोक्यात होतं.

बघायचं ते स्टोन टाउनमध्येच, म्हणजे जुन्या शहरातच आहे, पायी. बाजाराच्या जागेवर १८७३ च्या नाताळात चर्चची पायाभरणी झाली. जिथे चाबकाचा खांब होता असं सांगतात तिथे वेदी आहे. बाहेर खड्ड्यात पाच दगडी माणसं उभी आहेत, गळ्यात साखळ्या, आणि त्या साखळ्या त्या काळातल्याच. त्यातली एक कडी इतकी जाड आहे की माझ्या दोन बोटांत मावेना. जवळच्या इमारतीच्या तळघरात गुलामांना कोंडत असं सांगतात, तिथे वाकून शिरावं लागतं. आमचा गाइड मात्र ठासून 'इथे पंच्याहत्तर, तिथे पन्नास' सांगत होता. वरची इमारत मिशनची, बाजार मोडल्यानंतरची, त्यामुळे तळघराबद्दल अभ्यासकांनाच शंका आहे. आधी प्रदर्शन नीट वाचा, मग तळघरात उतरा. उलट केलंत तर गाइडचंच खरं वाटतं.

गाइडने एक गोष्ट गाळली, ती मीच विचारली. जकातीचा मक्ता वर्षानुवर्षं जयराम शिवजी या कच्छी भाटिया पेढीकडे होता, आणि गुलामांच्या व्यापाराला लागणारं भांडवल बरंचसं हिंदी सावकारांचं. त्यांच्या घरीही गुलाम होते. १८६० च्या सुमारास रिग्बी या इंग्रज कॉन्सलने हिंदी व्यापाऱ्यांकडचे हजारो गुलाम सोडवले. गाइड हसला, म्हणाला, "इंडियन पाहुण्यांना हे सांगत नाही." सांगायला हवं.

बंदीही सरळ झाली नाही. मुंबईचे माजी गव्हर्नर बार्टल फ्रिअर १८७३ च्या सुरुवातीला करार घेऊन आले, सुलतान बरघशने नकार दिला. जूनमध्ये नाकेबंदीची धमकी आल्यावर सही झाली. त्याच वर्षी आपल्याकडे जोतीरावांनी अमेरिकेतल्या गुलामी मोडणाऱ्यांना 'गुलामगिरी' अर्पण केली. पण इथे बाजार बंद झाला तरी गुलाम बाळगणं कायदेशीरच राहिलं, थेट १८९७ पर्यंत! तेव्हाही सुटका अर्ज करून, आणि भरपाई मालकाला. रखेल्यांना तर १९०९ पर्यंत थांबावं लागलं.

बेटाच्या उत्तर टोकाला, नुंगवीच्या किनाऱ्यावर दोन दिवस होतो. समुद्र निळा आहे.

आता मांगापवानी. शहराच्या उत्तरेला साधारण वीस किलोमीटर. बंदीनंतर चोरून व्यापार चालला तेव्हा लोकांना लपवायला प्रवाळात खणलेली जमिनीखालची कोठडी इथे आहे. हीच सगळ्यात खरी वाटली, आणि हाच टप्पा सगळ्यात वाईट. पायऱ्या ओल्या, अरुंद, आत कुबट. कोठडीपासून तिथल्या प्रवाळी गुहेपर्यंत आम्ही भर बारा वाजता चाललो, सावली नाही, प्रवाळाचे खडक चपलेचा तळ कापतात. मेव्हण्याच्या सँडलचा पट्टा तुटला, त्याने पुढचा सगळा रस्ता मला बोल लावला. बूट घाला, सकाळी आठला निघा, पाणी माणशी दोन लिटर.

दालादाला, म्हणजे तिथली वडाप मिनीबस, स्वस्त आहे, पण परतीची खात्री नाही. टॅक्सी घ्या आणि थांबण्याचे पैसे आधी ठरवा, द्या मात्र शेवटी. आम्ही आधी दिले. ड्रायव्हर नारळपाणी पिऊन येतो म्हणाला, तो दीड तासाने उगवला.