दोन आय, एक आय आणि फुलांच्या पाट्या: माझा अनुभव

आमचा ट्रेकिंगचा ग्रुप आहे, त्यातले चार-पाच जण पावसाळ्यात गड बाजूला ठेवून गवतात पालथे पडून फुलांचे फोटो काढत बसतात. त्या फोटोंचं प्रदर्शन भरवायचं ठरलं, एका कॉलेजने हॉल दिला, आणि प्रत्येक फोटोखाली मराठी नाव, सायंटिफिक नाव आणि ते नाव कुणावरून आलं याची एक ओळ अशी पाटी लावायची म्हटल्यावर ते काम माझ्या गळ्यात पडलं. कारण काय, तर मी बँकेत, आणि बँकवाल्याच्या नजरेतून स्पेलिंग सुटत नाही म्हणे! बॉटनीशी माझा संबंध बारावीनंतर संपलेला.

यादीत कंदीलपुष्पं म्हणजे खरचुड्या बऱ्याच होत्या, सगळ्यांचं आडनाव सेरोपेजिया, पण पुढचं नाव बघावं तर कुणाचं ना कुणाचं. लॉई, हुबेरी, सांतापावी, महाबळेई, मॅकॅनी, इव्हान्सी, जैनी, रोल्ले. लग्नपत्रिकेवरची 'आमंत्रक' मंडळी वाटावीत अशी लिस्ट. पहिला प्रूफ आला त्यात निम्म्या नावांच्या शेवटी असलेल्या दोन आयपैकी (इंग्रजी i) एक गायब. डीटीपीवाला पोरगा म्हणाला, "काका, दोनदा टाइप झाला होता, मी काढून टाकला एक." त्याचं काय चुकलं म्हणा, स्क्रीनवर दोन आय शेजारी शेजारी दिसले की कुणालाही तसंच वाटणार. पण काही नावांत खरंच एकच आय होता आणि काहींत दोन, आणि असं का हे मला सांगता येईना, म्हणून ग्रुपमधल्या एकाच्या ओळखीने बॉटनीच्या एका रिटायर्ड मॅडमकडे गेलो.

मॅडमनी चहा ठेवता ठेवता विचारलं, "शाळेत संस्कृत होतं का? षष्ठी आठवते?" तर मामला सगळा षष्ठीचा आहे. लॅटिनमध्ये 'लॉचं', 'ह्यूबरचं', 'महाबळ्यांचं' असं म्हणायचं तर नावाला शेपूट लागतं, आणि ते कुठलं लागणार हे नाव कशाने संपतं आणि ती व्यक्ती बाई की पुरुष यावर ठरतं. वनस्पतींच्या नावांचा इंटरनॅशनल कोड आहे, त्यात हे स्पष्ट लिहिलंय. पुरुषाचं नाव व्यंजनाने संपलं तर दोन आय, म्हणून लॉ, जैन, इव्हान्स यांना दोन. (लॉ मराठीत ओकारान्त ऐकू येतं, पण स्पेलिंगच्या शेवटी डब्ल्यू आहे, आणि कोड स्पेलिंग बघतो.) स्वराने संपलं तर एकच, म्हणून महाबळे आणि सांतापाव यांना एक, सांतापावच्या स्पेलिंगमध्ये शेवटी यू आहे. आणि ह्यूबर? आर हे व्यंजन, तरी एकच आय, कारण ई-आरने संपणाऱ्या नावांना सूट दिलीये. बाईचं नाव असेल तर शेवटी ए-ई (ae), आणि व्यंजनानंतर त्याच्या आधी एक आय, म्हणून नूरजहाँवरून एका खरचुडीचं नाव नूरजहानिए.

एवढं कळल्यावर मला वाटलं आता सोपंय, आणि तेवढ्यात रोल्ले आली. शेवटी ए-ई, म्हणजे बाईच असणार, मी पाटीवर 'यांच्या स्मरणार्थ' च्या आधी श्रीमती टाकायच्या बेतात होतो. मॅडम हसल्या. हे रोल्ला शेषगिरी राव, बॉटॅनिकल सर्व्हे ऑफ इंडियाच्या पुण्याच्या ऑफिसातले शास्त्रज्ञ. पुरुषाचं नाव ए (a) या अक्षराने संपलं तर वनस्पतींमध्ये नुसता ई (e) जोडतात, त्यामुळे दिसायला बाईसारखं दिसतं. सह्याद्रीत पावसाळ्यात दिसणाऱ्या क्लोरोफायटम भरुचेचं तेच, ते मुंबईच्या प्रा. भरुचांचं नाव. आणि मॅकॅनचं स्पेलिंग एम-सी असलं तरी लॅटिन नावात एम-ए-सी करून जोडून लिहायचं, ही कोडची शिफारस आहे.

माणसं कोण होती हे शोधताना मात्र खरी मजा आली, आणि वेळही तिथेच गेला. लॉ हे ब्रिटिशांच्या बॉम्बे सिव्हिल सर्व्हिसमधले, नोकरी सांभाळून झाडं गोळा करायचे, आणि त्यांच्या नावाची ती खरचुडी हरिश्चंद्रगडावर आम्हीच पाहिलेली. फादर सांतापाव मूळ स्पेनचे, मुंबईच्या सेंट झेवियर्समध्ये शिकवायचे, खंडाळ्याच्या झाडांचा अख्खा फ्लोरा, म्हणजे तिथल्या वनस्पतींच्या नोंदींचा ग्रंथ, त्यांनी लिहिला आणि पुढे बॉटॅनिकल सर्व्हेचे प्रमुख झाले. महाबळे पुणे विद्यापीठात बॉटनीचे प्रोफेसर. ह्यूबर जर्मन, त्यांनी 1957 मध्ये जगभरातल्या सेरोपेजियाचा आढावा घेतला, म्हणून सह्याद्रीतल्या एका खरचुडीला त्यांचं नाव. मला सगळ्यात आवडली ती मॅकॅनची साखळी, एका खरचुडीला इव्हान्सचं नाव मॅकॅननी दिलं, आणि नंतर बॉटॅनिकल सर्व्हेच्या अन्सारींनी दुसरीला मॅकॅनचं दिलं.

इथे एक गोंधळ ग्रुपमध्ये सगळ्यांचाच होत होता, नावापुढे जे बारीक नाव येतं तो सन्मान झालेला माणूस नव्हे, तो नाव देणारा. सेरोपेजिया लॉईपुढे 'हुक. एफ.' असतं, म्हणजे हुकर फिलियस, हुकरांचा मुलगा, जोसेफ डाल्टन हुकर. बाप विल्यम हुकरही तेवढाच मोठा बॉटनिस्ट, म्हणून मुलाला जन्मभर हा एफ. लागला.

स्पेलिंग पक्कं करायला मॅडमनी आयपीएनआयची (इंटरनॅशनल प्लँट नेम्स इंडेक्स) साइट दाखवली, लंडनचं क्यू गार्डन, हार्वर्ड आणि ऑस्ट्रेलियाचं नॅशनल हर्बेरियम मिळून चालवतात, फुकट आहे, नाव टाकलं की कोणी, कुठे, कधी छापलं ते येतं. मी एकेक नाव तिथून ताडून घेतलं. झाडांच्या बाबतीत कुणी मूळ पेपरात चुकीचं शेपूट लावलं असेल तरी कोड ते दुरुस्त करायला सांगतो, त्यामुळे नियम लावून बघता येतं.

प्राण्यांच्या चार-पाच फोटोंनी मात्र डोकं फिरवलं. तिथे वेगळा कोड, आणि मूळ लेखकाने एक आय छापला तर एक, दोन छापले तर दोन, तेच पुढे चालवायचं. माथेरानच्या बेडकाला लीथ साहेबाचं नाव आहे, लीथी, दोन आय. आणि प्रशादी नावाची पाल, झूलॉजिस्ट बैनी प्रशाद यांच्यावरून, व्यंजनाने संपूनही एकच. दोन्ही बरोबर! डीटीपीवाल्याने या वेळी स्वतःहून विचारलं, "यात एक वाढवू का?"

मॅडमनी तेव्हा एका वटवाघळाची गोष्ट सांगितली, ते आमच्या फोटोत नव्हतं पण ऐकण्यासारखी आहे. 1948 मध्ये तमिळनाडूच्या डोंगरात मिळालेलं एक फळं खाणारं वटवाघूळ मुंबईत बीएनएचएसच्या (बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटी) संग्रहात दुसऱ्याच नावाने पडून होतं. 1972 मध्ये थायलंडच्या किट्टी थाँगलाँग्या यांनी ते वेगळं आहे हे ओळखलं आणि नाव दिलं लॅटिडेन्स सलीमअली, आपल्या पक्षीवाल्या सलीम अलींवरून. त्यात शेवटी दोन आय दिसतात, पण त्यातला पहिला अलींचा स्वतःचा आहे. दोन वर्षांनी थाँगलाँग्या वारले, आणि त्यांना थायलंडमध्ये सापडलेल्या जेमतेम दोन ग्रॅमच्या, जगातल्या सगळ्यात चिमुकल्या वटवाघळाला 1974 मध्ये त्यांचं नाव दिलं गेलं. ते नाव ए ने संपतं, वनस्पती असती तर भरुचेसारखं ए-ई झालं असतं, पण प्राणी म्हणून तिथे ए-आय.

फायनल प्रूफ आलं आणि कॉलेजच्या कमिटीतले एक ज्येष्ठ गृहस्थ चांगलेच तापले, "एवढ्या मोठ्या माणसाचं नाव आणि स्मॉल लेटर? महाबळे सरांचं? हा काय सन्मान झाला?" मी म्हटलं साहेब, आजची पद्धत अशी आहे, जीनसचं, म्हणजे पुढच्या नावाचं, पहिलं अक्षर कॅपिटल आणि स्पीशीजचं, म्हणजे मागच्याचं, स्मॉल, मग ते गावाचं असो नाहीतर माणसाचं. ते ऐकेनात. घरून जुना ग्रंथ घेऊन आले, थिओडोर कुकचा, मुंबई इलाख्याच्या झाडांचा, 1901 ते 1908 मध्ये निघालेला, आणि त्यात खरंच माणसांची नावं कॅपिटलने छापलेली. (हे कुक पुण्याच्या कॉलेज ऑफ सायन्सचे, म्हणजे आजच्या सीओईपीचे, प्रिन्सिपल होते. इंजिनियर मंडळींनी कॉलर ताठ करायला हरकत नाही.) मॅडमना फोन लावून दिला, पाच मिनिटांत साहेब शांत झाले, फक्त मराठी ओळीत 'प्रा.' लावा म्हणाले. ते लावलं.

शेवटची अडचण शिंदळ माकुडी या झाडाची. डॅल्झेल नावाच्या बॉटनिस्टने तिला फ्रेरिया इंडिका म्हटलं होतं, मुंबईचा गव्हर्नर बार्टल फ्रेअरच्या नावाने अख्खा जीनस. नंतर ती कॅरालुमा या दुसऱ्या जीनसमध्ये गेली, तिथे इंडिका आधीच दुसरी होती, म्हणून फ्रेअर मागे सरकून कॅरालुमा फ्रेरेई झाला, नंतर बुसेरोसिया फ्रेरेई. म्हणजे पुढच्या बाकावरून मागच्या बाकावर, पण वर्गातच. खरं सांगायचं तर गव्हर्नरपेक्षा चिखल तुडवणाऱ्या लॉचं किंवा सांतापावचं नाव झाडाला शोभतं असं माझं मत, कॅपिटल असो वा स्मॉल. पण आपल्या मताने नाव बदलत नसतं, पाटीवर बुसेरोसिया फ्रेरेई आणि खाली बारीक अक्षरात जुनं नाव असं छापलं.

प्रदर्शनात सगळ्यात जास्त विचारलं गेलं ते हेच, "आपल्याला नवीन झाड सापडलं तर स्वतःचं नाव देता येतं का?" कोडमध्ये बंदी नाही, पण कुणी देत नाही, लोक हसतात. मित्राचं देता येतं, गुरूचं देता येतं. आईचं देणार असाल तर शेवटी ए-ई, आणि नाव व्यंजनाने संपत असेल तर आधी एक आय.