युद्ध संपलं, मग हे घरी का गेले नाहीत?

मी पुण्यात जपानी शिकवते. शिकवण्याच्या ओघात मायझुरूचं, म्हणजे रशियाहून सुटलेल्या सैनिकांच्या बोटी जिथे लागत त्या जपानी बंदराचं, नाव निघालं की कुणीतरी विचारतंच, "महायुद्ध 1945च्या ऑगस्टमध्ये संपलं ना? मग 1956 साली रशियाहून बोटीने परतणारे हे जपानी सैनिक एवढी वर्षं तिथे काय करत होते?" त्याच्या पाठोपाठ, जरा चढ्या आवाजात, दुसराही प्रश्न येतो. त्याकडे नंतर वळते.

पहिल्याचं तयार उत्तर आहे: स्टालिनला फुकटचे मजूर हवे होते. ते खोटं नाही. सोव्हिएत फौजा 9 ऑगस्टला मांचुरियात, म्हणजे जपानच्या ताब्यातल्या ईशान्य चीनमध्ये, घुसल्या, 15 तारखेला जपानच्या सम्राटाचं शरणागतीचं भाषण रेडिओवर लागलं, आणि 23 ऑगस्टला स्टालिनने आदेश काढला की सैबेरियातल्या कामाला झेपतील असे पाच लाख जपानी निवडून पाठवा. शस्त्रं खाली ठेवलेल्या जपानी सैनिकांना घरी जाऊ द्यायचं, असं जपानला शरणागतीच्या अटी सांगणाऱ्या, दोस्त राष्ट्रांच्या पॉट्सडॅमच्या जाहीरनाम्यात स्पष्ट लिहिलं होतं. सोव्हिएत संघ त्या जाहीरनाम्यात सामील झाला होता, तोही आदेशाच्या जेमतेम दोन आठवडे आधी. पण युद्धात त्यांची अडीच कोटींहून जास्त माणसं गेली होती, आणि खाणी, जंगलतोड, रेल्वे यांना हात हवे होते.

सैनिकांना हजार-हजारांच्या तुकड्यांत मालगाड्यांत भरलं. पहारेकरी सांगत, "तोक्यो, दामोय!" म्हणजे चला, तोक्योला, घरी. गाडी मात्र पश्चिमेकडे चाललेली. बैकल सरोवराचं अफाट पाणी दिसलं तेव्हा काहींना वाटलं, आलाच आपला समुद्र. पण त्या पाण्याला खारटपणा नव्हता.

सैबेरिया, मध्य आशिया, मंगोलिया मिळून जवळपास सहा लाख माणसं नेली. त्यातली 55 हजारांच्या वर परत आली नाहीत, आणि त्यांतली बरीचशी पहिल्याच हिवाळ्यात गेली. उणे तीस-चाळीसची थंडी, अर्धवट उभ्या राहिलेल्या बराकी, टायफस, उपासमार. ठरलेलं काम पुरं केलं नाही तर शिधा कमी, आणि शिधा कमी झाला की दुसऱ्या दिवशी काम आणखी कमी. काळ्या पावाचे तुकडे सारखे पडावेत म्हणून कैद्यांनी काठी आणि दोऱ्याचे तराजू बनवले होते. परतलेल्यांनी पुढे काढलेल्या चित्रांत ते तराजू आणि भोवती टक लावून बसलेले चेहरे पुन्हा पुन्हा दिसतात.

पण तराजू लागला कशासाठी? कारण भूक रशियाने दिली असली तरी तिची वाटणी जपानी सैन्याच्या रिवाजाने होत होती. छावणीत पदं, सलाम, थपडा सगळं तसंच चालू राहिलं. अधिकाऱ्याचं आणि जुन्या शिपायांचं ताट आधी, जड काम नव्या पोरांच्या डोक्यावर. पहिल्या हिवाळ्यात ही नवी पोरंच जास्त मेली. पुढे खाबारोव्स्कहून निघणाऱ्या जपानी भाषेतल्या सोव्हिएत वृत्तपत्राच्या आधाराने छावण्यांत 'लोकशाही चळवळ' उभी राहिली आणि अधिकाऱ्यांची सद्दी संपली. बरं झालं म्हणेपर्यंत त्याच चळवळीत माणसाला घोळक्यात उभं करून तासन् तास झोडपणं सुरू झालं. कोण पुरेसा 'लाल', म्हणजे कम्युनिस्ट, नाही, ते शेजारच्या फळीवर झोपणाराच सांगायचा. परतीच्या यादीत नाव लागावं म्हणून माणसं काय करतील याला सीमा नव्हती.

इथे मला हटकून एक व्हॉट्सॲप फॉरवर्ड दाखवला जातो: ताश्कंदचं नवोई नाट्यगृह जपानी कैद्यांनी पुरं केलं आणि 1966च्या भूकंपात ते उभं राहिलं, बघा जपानी माणसाची शिस्त! नाट्यगृह उभं राहिलं हे खरं. पण वेठीला धरलेल्या माणसाच्या कामाचं असं कौतुक मला तरी घशाखाली उतरत नाही.

उरलेलं उत्तर तोक्योत सापडतं. जुलै 1945 मध्ये माजी पंतप्रधान कोनोए फुमिमारो यांना युद्ध थांबवण्याच्या तडजोडीसाठी मॉस्कोला पाठवायचं ठरत होतं. त्यासाठी केलेल्या टिपणात एक कलम होतं: नुकसानभरपाई म्हणून काही मनुष्यबळ द्यायला हरकत नाही. मॉस्कोने त्यांना बोलावलंच नाही, त्यामुळे या कलमाने कैदी नेले असं म्हणता येणार नाही. पण आपली माणसं फेडीत देता येतात हा विचार तोक्योतही कागदावर आला होता. कोनोएंचा थोरला मुलगा फुमिताका मांचुरियात तोफखान्यात होता. तो पकडला गेला आणि मॉस्कोच्या ईशान्येकडच्या इवानोवोच्या छावणीत ऑक्टोबर 1956 मध्ये वारला. सुटकेचा मार्ग मोकळा करणाऱ्या जपान-सोव्हिएत घोषणेवर सह्या झाल्या, तोच हा महिना.

बहुतेक जण 1950 पर्यंत परतले होते. मागे राहिले ते 'युद्धगुन्हेगार' म्हणून शिक्षा ठोठावलेले. त्यांत रशियन जाणणारे यामामोतो हाताओ होते. खाबारोव्स्कच्या छावणीत ते चोरून हायकूंची बैठक भरवत. 1954 साली कर्करोगाने ते गेले. लिहिलेला कागद बाहेर नेणं म्हणजे हेरगिरी, म्हणून सोबत्यांनी त्यांचं आई, बायको आणि मुलांना लिहिलेलं मृत्युपत्र तुकड्या-तुकड्यांनी पाठ केलं, आणि सुटल्यावर एकेकाने आठवून ते बायकोकडे पोचवलं.

आता तो दुसरा प्रश्न: "जपान्यांनी आपल्या कैद्यांचे काय हाल केले? मग यांची कणव कशाला?" हाल केलेच. सिंगापूरला 1942 साली हाती लागलेल्या हिंदी सैनिकांना न्यू गिनीत मरेपर्यंत राबवलं, सयाम-ब्रह्मदेश रेल्वेवर मलायातले तमिळ मजूर हजारोंनी मेले. हे मी वर्गात आधी सांगते. पण ज्या सैन्याने हे केलं, त्याने 1941 सालीच स्वतःच्या शिपायाला बजावलं होतं की जिवंतपणी कैदी होण्याची नामुष्की पत्करू नकोस. कैदी म्हणजे कुणीच नव्हे, हा हिशेब आधी दुसऱ्यांना लावला आणि मग घरच्यांना. सैबेरियाहून आलेल्यांना 'लाल' समजून नोकऱ्या नाकारल्या गेल्या, पोलीस पाळतीवर राहिले.

मजुरीचंही तेच. ब्रिटिश, ऑस्ट्रेलियन ताब्यातून आलेल्या कैद्यांना कामाचे दाखले मिळाले होते. ते पाहून जपान सरकारने त्यांचे पैसे चुकते केले. सोव्हिएत छावण्यांनी दाखले दिले नव्हते, म्हणून सैबेरियावाल्यांना काही नाही. ते कोर्टात गेले आणि 1997 साली सर्वोच्च न्यायालयात हरले. अखेर जून 2010 मध्ये कायदा झाला आणि तोवर जगलेल्यांना किती वर्षं काढली त्यानुसार अडीच ते पंधरा लाख येन मिळाले.

त्याच जपानी सैन्यात सक्तीने भरती केलेले कोरियन तरुणही होते. तेही सैबेरियात राबले. 1948च्या अखेरीस त्यांना उत्तर कोरियात उतरवलं. त्यांतले काही 38वा अक्षांश, म्हणजे दोन कोरियांमधली तेव्हाची सीमा, ओलांडून दक्षिणेतल्या घरी निघाले, तर तिथल्या पोलिसांनी त्यांची रशियाचे हेर म्हणून चौकशी केली. 2010च्या कायद्याने त्यांना एक येनही दिला नाही, कारण त्यात जपानी नागरिकत्वाची अट आहे. भरती करताना ती अट कुणाला आठवली नव्हती.