तीस लाखांच्या कर्जाचे साडेबासष्ट लाख

बेळगावात घर घेण्याची गोष्ट निघाली की तीस बाय चाळीस फुटांच्या प्लॉटचा दर, पाण्याची सोय आणि कागदपत्रे यांवर घरातली सगळी मंडळी तास-तास बोलतात, आणि कर्जाचा विषय मात्र ‘हप्ता किती बसतो?’ या एका प्रश्नात आटोपतो. हप्ता पगारात बसला की कर्ज परवडले असे आपण धरून चालतो. उद्यमबागेतल्या एका कारखान्याचे हिशेब मी पाहतो, त्यामुळे कर्जाची मंजुरीपत्रे घेऊन येणारी तरुण मुले मला वरचेवर भेटतात. ‘या कर्जाचे शेवटी एकूण किती भरायचे?’ हे त्यांच्यापैकी जवळजवळ कोणीच बँकेत विचारलेले नसते. हे मला मनापासून खटकते, कारण चार-पाच हजारांची वस्तू घेताना गणपत गल्लीत दहा दुकाने फिरणारी आपली माणसे आयुष्यातला सर्वांत मोठा खर्च मात्र दुसऱ्याने मांडलेल्या आकड्यावर सही करून स्वीकारतात.

एक उदाहरण पूर्ण सोडवून पाहू. घर ४० लाखांचे आहे, १० लाख स्वतःजवळचे आहेत आणि ३० लाखांचे कर्ज ८.५ टक्के व्याजाने २० वर्षांसाठी घेतले आहे. महिन्याचा हप्ता सुमारे २६,०३५ रुपये येतो. असे २४० हप्ते भरले म्हणजे एकूण ६२ लाख ४८ हजार रुपये होतात, त्यांतले ३० लाख मुद्दल आणि ३२ लाख ४८ हजार व्याज. व्याजच मुद्दलाहून जास्त. स्वतंत्र घराच्या खरेदीपत्रावर कर्नाटकात ५ टक्के मुद्रांक शुल्क, त्यावरचे उपकर आणि अधिभार, शिवाय ३१ ऑगस्ट २०२५ पासून १ टक्क्यावरून २ टक्के झालेले नोंदणी शुल्क मिळून आणखी ३ लाखांच्या वर जातात, आणि या रकमेसाठी सहसा कर्ज मिळत नसल्याने ती खिशातूनच काढावी लागते. खरेदीपत्रावर ४० लाख लिहिलेले असले, तरी घरमालकाच्या हातून वीस वर्षांत ७५ लाखांहून अधिक रक्कम गेलेली असते. डागडुजी आणि घरपट्टी यात धरलेली नाही.

एवढे व्याज कसे होते, हे परतफेडीच्या तक्त्यात स्वच्छ दिसते. पहिल्या महिन्यात ३० लाखांवरचे व्याज २१,२५० रुपये होते, म्हणून २६,०३५ रुपयांच्या हप्त्यातून मुद्दलात जमा होतात फक्त ४,७८५ रुपये. वर्षभरात आपण ३ लाख १२ हजार रुपये भरतो आणि कर्ज कमी होते ते साधारण ६० हजारांनी. हप्त्यातला मुद्दलाचा भाग व्याजापेक्षा मोठा व्हायला जवळपास १२ वर्षे लागतात, आणि मुद्दल निम्म्यावर यायला पावणेचौदा वर्षे. यात बँकेची काही लबाडी नाही. व्याज नेहमी शिल्लक मुद्दलावर लागते आणि सुरुवातीला मुद्दल सर्वांत मोठे असते, एवढेच त्याचे कारण आहे. पण हा तक्ता सहीच्या आधी पाहिलेल्या माणसाचे निर्णय आणि न पाहिलेल्या माणसाचे निर्णय यांत लाखांचा फरक पडतो.

गेल्या पावसाळ्यात आमच्याच कारखान्यातला एक मुलगा मंजुरीपत्र घेऊन माझ्या टेबलापाशी आला. ‘हप्ता बसतोय की, काका, खरं मुदत वीस लावू की तीस तेवढं सांगा,’ असे तो म्हणाला. त्याला तीस वर्षांचा सल्ला मिळाला होता, कारण हप्ता २३,०६७ रुपयांवर येत होता. मी त्याच्याच कागदाच्या मागच्या बाजूला तिन्ही मुदती मांडल्या. तीस वर्षांत एकूण भरणा ८३ लाख ४ हजार, वीस वर्षांत ६२ लाख ४८ हजार आणि पंधरा वर्षांत, हप्ता २९,५४२ धरला तर, ५३ लाख १८ हजार. म्हणजे महिन्याला तीन हजारांपेक्षा थोडी कमी रक्कम वाचवण्यासाठी तो साडेवीस लाख रुपये जास्त द्यायला निघाला होता. बराच वेळ तो त्या तीन ओळींकडे पाहत राहिला आणि मग त्याने विचारले की हे बँकेच्या कागदावर कुठे लिहिलेले असते.

लिहिलेले असते, आणि ते आता नियमानेच द्यावे लागते. १ ऑक्टोबर २०२४ पासून रिझर्व्ह बँकेने प्रत्येक नव्या किरकोळ कर्जासाठी ‘की फॅक्ट स्टेटमेंट’ म्हणजे कर्जाच्या मुख्य अटींचा तक्ता बंधनकारक केला आहे. बँका, सहकारी बँका आणि गृहवित्त कंपन्या या सगळ्यांना तो लागू आहे. त्यात व्याजदर, सर्व शुल्के धरून येणारा वार्षिक खर्चाचा दर, एकूण व्याज आणि परतफेडीचे वेळापत्रक असते, आणि त्यात न दाखवलेले शुल्क कर्जदाराच्या स्पष्ट संमतीशिवाय नंतर आकारता येत नाही. आपल्या भागातल्या माणसाने विशेष लक्षात ठेवावी अशी तरतूद पुढची आहे: हा तक्ता कर्जदाराला समजणाऱ्या भाषेत असला पाहिजे, त्यातला मजकूर त्याला समजावून सांगितला पाहिजे आणि समजल्याची पोच त्याच्याकडून घेतली पाहिजे. बेळगाव, खानापूर, निपाणीकडच्या मराठी कुटुंबात जागेचे कागद कन्नडमध्ये असतात, कर्जाचा करार इंग्रजीत असतो आणि घरातल्या कर्त्या माणसाला दोन्ही भाषा धड वाचता येत नाहीत, ही परिस्थिती मी असंख्य घरांत पाहिली आहे. अशा वेळी शाखेत जाऊन ‘मला हा तक्ता मराठीत द्या आणि समजावून सांगा’ असे शांतपणे म्हणणे हा कर्जदाराचा हक्क आहे. त्यात मिंधेपणा वाटण्याचे कारण नाही.

व्याजदर बदलता असेल तर आजचा हप्ता वीस वर्षे तसाच राहील असे धरून चालता येत नाही. २०२१ मध्ये ७ टक्क्यांच्या आसपास गृहकर्ज मिळत होते. त्या दराने ३० लाखांचा वीस वर्षांचा हप्ता २३,२५९ रुपये येत असे. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रिझर्व्ह बँकेने रेपो दर, म्हणजे ती बँकांना ज्या दराने उसने पैसे देते तो दर, ४ टक्क्यांवरून ६.५० टक्क्यांवर नेला. ज्याचे कर्ज रेपोशी जोडलेले होते त्याचा दर हळूहळू साडेनऊच्या घरात गेला. वर्षभर हप्ते भरून त्याची शिल्लक २९ लाख २८ हजारांच्या आसपास आली होती असे धरले, तर साडेनऊ टक्क्यांनी तिच्यावरचे महिन्याचे व्याज सुमारे २३,१८५ रुपये होते. हप्ता जुनाच ठेवला तर मुद्दलात जमा होणार पाऊणशे रुपयेसुद्धा नाहीत. हप्ता वाढला नाही म्हणून लोक निश्चिंत होते आणि तिकडे मुदत निवृत्तीच्या पलीकडे सरकत होती. ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने सांगितले की दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडे-थोडे करायचे, याचा पर्याय कर्जदाराला द्यावा. तो पर्याय निवडण्यासाठी मात्र आपण कर्जखात्याचे विवरणपत्र उघडून पाहिलेले असावे लागते. २०२५ मध्ये रेपो दर टप्प्याटप्प्याने ५.२५ टक्क्यांपर्यंत खाली आला, तेव्हा आपला दर तेवढा उतरला का, हेही ज्याने त्याने तपासून घ्यावे. जुने कर्जदार वरच्या दराने भरत राहतात आणि नव्यांना कमी दर मिळतो, हे नेहमीचे आहे. थोडे शुल्क भरून दर बदलून मिळत असेल तर ते शुल्क बहुतेक वेळा काही महिन्यांत वसूल होते.

बदलत्या दराची नवी गृहकर्जे रेपोसारख्या बाहेरच्या दराशी जोडण्याचा नियम ऑक्टोबर २०१९ पासून व्यापारी बँकांना लागू झाला. सहकारी बँका, पतसंस्था आणि गृहवित्त कंपन्या त्यात येत नाहीत. आपल्याकडे हा फरक महत्त्वाचा आहे, कारण शहराच्या कडेला शेतजमिनीचे तुकडे पाडून नोंदणीकृत खरेदीपत्राऐवजी नुसत्या बॉण्ड पेपरवर विकलेले प्लॉट पुष्कळ आहेत. ज्या जागेला बिनशेती आदेश नाही, मंजूर आराखडा नाही, ई-खाते म्हणजे पालिकेतली किंवा पंचायतीतली मालमत्तेची डिजिटल नोंद नाही, तिच्यावर राष्ट्रीयीकृत बँक कर्ज देत नाही. मग माणूस सोसायटीकडे, म्हणजे पतसंस्थेकडे वळतो. सोसायट्यांनी सीमाभागातल्या मराठी माणसाला अडीअडचणीत हात दिला आहे, हे मी कृतज्ञतेने सांगतो. तरी हिशेब हा हिशेबच असतो. १० लाख रुपये १५ वर्षांसाठी ८.५ टक्क्यांऐवजी १२ टक्क्यांनी घेतले तर ३ लाख ८८ हजार रुपये जास्त भरावे लागतात. स्वस्त मिळालेल्या प्लॉटच्या किमतीत ही रक्कम मिळवली की तो किती स्वस्त होता हे कळते.

आणखी एक गोष्ट सोसायटीत किंवा खासगी कंपनीत आवर्जून विचारावी: व्याज घटत्या शिलकेवर आहे की मूळ रकमेवर सरळ? १० लाखांवर १० वर्षे ७ टक्के सरळ व्याज म्हणजे ७ लाख व्याज आणि १४,१६७ रुपयांचा हप्ता. घटत्या शिलकेच्या हिशेबाने हाच दर जवळपास ११.७ टक्के पडतो.

कर्जासोबत गळ्यात येणाऱ्या विम्याबद्दलही सांगतो. कमावत्या माणसाच्या मागे कुटुंबावर कर्ज पडू नये म्हणून विमा असावाच, पण एकरकमी हप्त्याची पॉलिसी कर्जातच मिळवून दिली जाते तेव्हा तिच्यावरही वीस वर्षे व्याज लागते. १ लाखाचा विमा अशा रीतीने २ लाख ८ हजारांना पडतो. साधा मुदत विमा वेगळा घेऊन दर वर्षी हप्ता भरणे मला अधिक शहाणपणाचे वाटते. तसेच बांधकाम चालू असलेला फ्लॅट घेतला तर ताबा मिळेपर्यंत अनेकदा केवळ व्याज भरले जाते. त्या पैशाने मुद्दल एका रुपयानेही उतरत नाही, आणि ताबा वर्षभर लांबला तर जोडीला घरभाडेही चालूच राहते.

प्राप्तिकरात सवलत मिळते म्हणून कर्ज लवकर फेडू नये, असा सल्ला देणारे पुष्कळ भेटतात. राहत्या घराच्या व्याजावरची २ लाखांपर्यंतची वजावट जुन्या करप्रणालीत मिळते, नव्या प्रणालीत ती नाही. २०२५-२६ या आर्थिक वर्षापासून नव्या प्रणालीत १२ लाखांपर्यंतच्या नेहमीच्या उत्पन्नावर कर लागत नसल्याने, आमच्या कारखान्यातल्या बहुतेकांच्या बाबतीत हा सल्ला निरर्थक झाला आहे.

लवकर फेडण्याचे बळ सुरुवातीच्या वर्षांत असते. वरच्याच २० वर्षांच्या कर्जात पहिल्या वर्षाअखेर २ लाख रुपये जादा भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर ३४ महिने कमी होतात आणि सुमारे ६ लाख ८७ हजारांचे व्याज वाचते. तेच २ लाख पंधराव्या वर्षाअखेर भरले तर वाचतात फक्त ९४ हजार. म्हणून बोनस, भाताच्या पिकाचे पैसे, भिशीची रक्कम असे जे काही येईल ते पहिल्या पाच-सात वर्षांत मुद्दलात टाकावे, असे माझे स्पष्ट मत आहे. आपल्याकडे दुकानदार आणि कारागीर रोज पिग्मी, म्हणजे रोजच्या बचतीची ठेव, भरतात. रोज १०० रुपयांप्रमाणे वर्षाचे ३६,५०० रुपये दर वर्षाअखेर कर्जात भरले, तर वीस वर्षांचे कर्ज पावणेसोळा वर्षांच्या आत संपते आणि ८ लाखांच्या आसपास व्याज वाचते. भरताना ‘मुदत कमी करा, हप्ता तोच ठेवा’ असे लेखी द्यावे. हप्ता कमी करून घेतला तर बचत बरीच घटते. बदलत्या दराच्या वैयक्तिक गृहकर्जावर बँकेला मुदतपूर्व फेडीचा दंड लावता येत नाही, हा नियम २०१२ पासून आहे.

याचा अर्थ प्रत्येकाने ओढून-ताणून पंधराच वर्षांचे कर्ज घ्यावे असा नाही. फौंड्रीतले, म्हणजे ओतकामाच्या कारखान्यातले, काम मागणीनुसार कमी-जास्त होते, घरात आजारपण येते, आणि चुकलेल्या हप्त्याचा दंड व पत बिघडण्याचा तोटा वाचवलेल्या व्याजापेक्षा जड जाऊ शकतो. ज्याचे उत्पन्न पक्के नाही त्याने मुदत वीस वर्षांची ठेवावी, सहा महिन्यांच्या हप्त्याइतकी रक्कम बाजूला काढावी आणि त्यावरचे जमेल तसे मुद्दलात भरत जावे. पगार वाढेल तसा तोच हप्ता हलका वाटू लागतो, हेही खरे आहे. त्या हलकेपणाचा उपयोग नव्या गाडीच्या कर्जासाठी करायचा की याच कर्जासाठी, हा ज्याचा त्याचा निर्णय.

कर्ज संपल्यावरचे काम बरेच जण विसरतात. पूर्ण परतफेडीनंतर ३० दिवसांच्या आत मूळ कागदपत्रे परत मिळाली पाहिजेत, आणि बँकेमुळे उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई द्यावी लागते, असा रिझर्व्ह बँकेचा १ डिसेंबर २०२३ पासूनचा नियम आहे. कागद हातात आले तरी उपनिबंधक कार्यालयातल्या नोंदीवरचा बोजा आपोआप उतरला असेल असे गृहीत धरू नये. बँकेकडून मुक्तीपत्र घेऊन त्याची नोंद करून घ्यावी, काही दिवसांनी नवे ई.सी., म्हणजे जागेवरच्या बोजाचा दाखला, काढावे आणि त्यात ती नोंद आली आहे का हे कन्नड वाचता येणाऱ्या माणसाकडून वाचून घ्यावे.