सिंगल कॉलम

रविवार, रात्री ११.४०

आज साप्ताहिक सुट्टी. दुपारपासून फिल ओक्स या अमेरिकन गायकाचा पहिला अल्बम ऐकतेय, १९६४ चा, ‘ऑल द न्यूज दॅट्स फिट टू सिंग’. न्यूयॉर्क टाइम्सच्या पहिल्या पानावर, कोपऱ्यात, छापण्याजोग्या सगळ्या बातम्या देतो अशा अर्थाचं ब्रीद असतं. त्यातलं ‘छापण्याजोग्या’ काढून यानं ‘गाण्याजोग्या’ घातलं. पोरगा तेव्हा तेवीस वर्षांचा. ओहायो स्टेट विद्यापीठात पत्रकारिता शिकत होता, पदवी न घेताच १९६२ मध्ये गिटार घेऊन न्यूयॉर्कला आला. स्वतःला तो गाणारा पत्रकार म्हणवून घ्यायचा. बारा वर्षं डेस्कवर काढलेल्या मला ते खोटं वाटत नाही.

साज फारसा नाहीच. त्याची गिटार, जोडीला डॅनी कॅल्बची दुसरी, आणि सरळ, स्वच्छ आवाज. शब्द न् शब्द कळावा असा गातो. कळणं महत्त्वाचं, कारण जवळजवळ प्रत्येक गाणं म्हणजे एक बातमी आहे. ‘थ्रेशर’ ही अणुपाणबुडी १० एप्रिल १९६३ रोजी अटलांटिकमध्ये खोल बुडीची चाचणी देताना गेली, आत १२९ माणसं होती. तिच्यावर गाणं आहे. विल्यम वर्दी हा कृष्णवर्णीय पत्रकार सरकारची मनाई असताना क्यूबाला गेला आणि पासपोर्टाशिवाय आपल्याच देशात परत आला म्हणून त्याच्यावर खटला झाला, त्याच्यावर आहे. व्हिएतनामवरही आहे, आणि ते अमेरिकेला उघड युद्धात नेणाऱ्या टोंकिनच्या आखातातल्या प्रकरणाच्या आधीचं, अमेरिका तिथल्या आपल्या सैनिकांना ‘सल्लागार’ म्हणत होती तेव्हाचं. म्हणजे पहिल्या पानावर यायच्या आधीच त्यानं ही बातमी आतल्या पानातून उचलली होती. एडगर अ‍ॅलन पोची कविता मात्र या सगळ्यात उगाच घातल्यासारखी वाटते. चाल छान आहे, तरी मी दर वेळी पुढे ढकलते.

लू मार्शवरचं गाणं मी सहा-सात वेळा ऐकलं असेन. न्यूयॉर्कच्या गल्ल्यांत टोळ्यांतल्या पोरांमध्ये काम करणारा हा माणूस. १९६३ च्या जानेवारीत एक टोळीयुद्ध टाळायला गेला आणि पोरांच्याच मारहाणीत गेला. आमच्याकडे ही बातमी आली असती तर तिचं काय झालं असतं ते मला नेमकं ठाऊक आहे. सिंगल कॉलम. ‘मारहाणीत एकाचा मृत्यू’.

मेडगर एव्हर्सचं नाव तरी गाजलं. मिसिसिपीत काळ्या लोकांच्या मतदानाच्या हक्कासाठी लढणारा हा कार्यकर्ता १२ जून १९६३ च्या मध्यरात्रीनंतर स्वतःच्या दारात गोळी लागून पडला. मारेकऱ्यावर १९६४ मध्ये दोनदा खटला चालला आणि दोन्ही वेळा सगळ्या गोऱ्या ज्यूरीचं एकमत झालं नाही. शिक्षा झाली १९९४ मध्ये. ओक्स १९७६ मध्येच, पस्तिसाव्या वर्षी, स्वतःच्या हातानं गेला होता. एव्हर्सवरचं गाणं गाताना निकाल कधी लागेल, लागेल की नाही, काहीच त्याला माहीत नव्हतं. नाव तेवढं त्यानं धरून ठेवलं.

आपल्याकडे शाहिरांनी हेच केलं. पोवाडा म्हणजे मुळात डफावर सांगितलेली बातमीच. अज्ञानदासाचा अफजलखानवधाचा पोवाडा घ्या, नाहीतर अण्णाभाऊ, अमर शेख, गवाणकर यांचं लाल बावटा कलापथक. गिरणगावात ज्याला अक्षर लागत नव्हतं, त्याच्यापर्यंत बातमी या गळ्यांतून पोचायची. कोण कुठला, कशानं मेला, कुणामुळे मेला, सगळं. आणि ऐकणारा ते पाठ करून घरी न्यायचा.

लिहायचं टाळत होते ते आता लिहिते. सहा वर्षांपूर्वी एका रात्री जिल्ह्याच्या पानावर उशिरा जाहिरात आली. मैल्याच्या टाकीत गुदमरून दोन सफाई कामगार दगावल्याची अकरा ओळींची बातमी होती, ती मी चार ओळींची केली. नावं, वयं, वस्ती, ठेकेदार, सगळं मी काढलं. ‘दोन कामगारांचा मृत्यू’ एवढं राहिलं. मला कुणी सांगितलं नव्हतं. पान सोडायची घाई होती, आणि नावं काढली की दोन ओळी वाचतात हे हाताला सवयीचं झालं होतं.

संध्याकाळी त्या तालुक्याच्या आमच्या जुन्या वार्ताहरांना फोन लावला. बातमी त्यांचीच होती. “आता कशाला हवंय, ताई?” म्हणाले. मला नीट उत्तर देता आलं नाही, नावं हवी आहेत एवढंच म्हटलं. थोडा वेळ काही बोलले नाहीत, मग माळ्यावरून वह्या काढतो म्हणाले. तासाभरानं त्यांचाच फोन आला. एकाचं पूर्ण नाव आणि वय सापडलं, मी ते डायरीत या पानाच्या वर लिहून ठेवलंय. दुसऱ्याचं नुसतं पहिलं नाव आहे, आडनावाच्या जागी पाणी लागून शाई पसरलीय. उद्या सकाळी वस्तीवर जाऊन विचारतो म्हणाले. त्याची म्हातारी अजून तिथंच राहते.