माझा अनुभव : कादंबरीतला पीआय आणि त्याची उडालेली झोप

थ्रिलर लिहायला घेतलं तेव्हा डोक्यात एवढंच होतं की गोष्ट नाशिकची, एक पीआय, म्हणजे पोलीस इन्स्पेक्टर, ज्याला रात्री झोप नाही, आणि तो अशा पोरांच्या मागावर ज्यांनी गर्दीत स्फोट करायचं ठरवलंय. झोप का नाही ते ठरलं नव्हतं. ज्याला सांगावं तो म्हणायचा दारू दाखव, घटस्फोट दाखव, मेलेली बायको दाखव. मला नको होतं ते, प्रत्येक वेबसिरीजमधला पोलीस तसाच असतो.

आमच्या सोसायटीत एक रिटायर्ड पोलीस अधिकारी राहतात, नाव नाही लिहीत, आम्ही सगळे काकाच म्हणतो. त्यांना पहिली पानं वाचायला दिली तर चहा यायच्या आत म्हणाले, "अगं, यूएपीए लावलास ना? मग तुझा पीआय तपास अधिकारी होऊच शकत नाही." मला वाटलं मस्करी करताहेत. पण सावानात, म्हणजे आमच्या सार्वजनिक वाचनालयात जाऊन यूएपीए, तो दहशतवादी गुन्ह्यांना लागणारा कायदा, काढून वाचला, कलम ४३, एनआयएत, म्हणजे केंद्राच्या तपास यंत्रणेत इन्स्पेक्टर चालतो पण नाशिकसारख्या शहरात राज्य पोलिसांकडे तपास असेल तर डीवायएसपी (उपअधीक्षक) नाहीतर त्याच्या बरोबरीचा, म्हणजे आपल्या आयुक्तालयात एसीपी (सहायक आयुक्त), त्याच्या खालचा नाही. झालं, इथूनच कादंबरीला धार आली. कारण आता धावपळ सगळी माझ्या पीआयची, सातपूर-अंबड पालथं घालणार तो, पोरांच्या आयांसमोर बसणार तो, आणि कागदावर तपास मात्र साहेबांचा.

मग दिवसांचं गणित. एरवी गंभीर गुन्ह्यातसुद्धा ९० दिवसांत चार्जशीट गेली नाही तर आरोपीला जामीन मागायचा हक्कच मिळतो, यूएपीएत सरकारी वकिलाच्या रिपोर्टवर कोर्ट ती मुदत १८० दिवसांपर्यंत वाढवू शकतं. वाचताना १८० खूप वाटतात. पण एफएसएलचा, म्हणजे फॉरेन्सिक लॅबचा रिपोर्ट यायचाय, फोनमधला डेटा यायचाय, खटल्यासाठी सरकारची मंजुरी वेगळी, ती आधी एका स्वतंत्र समितीकडे जाते, तिला सात कामाचे दिवस आणि पुढे सरकारला सात. डेटासोबत पुरावा कायद्यातलं, इलेक्ट्रॉनिक पुराव्यासाठीचं ६५-ब चं सर्टिफिकेट लागतं, हे सुप्रीम कोर्टाने २०२० मध्ये ज्या खटल्यात पक्कं केलं तो खटला आपल्या जालन्याच्या निवडणुकीचा, हे वाचून मला उगाचच मजा वाटली. (कादंबरी २०२३ मध्येच ठेवलीय, कारण १ जुलै २०२४ पासून कायदे बदलले आणि कलमांचे आकडे परत पाठ करायची माझी ताकद नाही.)

सगळ्यात जास्त वेळ गेला तो चौकशीच्या प्रकरणात. माझ्या कादंबरीतला पोरगा कंपनीत कॉन्ट्रॅक्टवर, हुशार, आणि त्याला कोणी एका दिवसात बिघडवलेलं नाही. आधी आईच्या दवाखान्याचे पैसे कोणीतरी भरले, मग रविवारच्या बैठका, मग एक सिमकार्ड आणून दे, एक बॅग दोन दिवस घरात ठेव, आणि नाही म्हणायची वेळ येईपर्यंत उपकारच इतके झालेत की तोंड उघडत नाही. संघटना कुठल्या धर्माची, कुठल्या झेंड्याची ते मुद्दाम लिहिलं नाही, त्यावर बहिणीशी कडाक्याचं भांडण झालं, ती म्हणते हा पळपुटेपणा आहे. असेल. पण नाव घातलं की वाचणारा पोराकडे बघतच नाही, झेंड्याकडे बघतो. स्फोटकं कशी बनतात तेही एका ओळीत उरकलंय, त्यात कसलं आलंय साहित्य.

तर तो पोरगा पीसीआरमध्ये, म्हणजे पोलीस कोठडीत, माझ्या पीआयला सगळं सांगतो. अगदी सगळं, रडत. आणि काका म्हणतात, "उपयोग शून्य." पोलिसासमोरचा कबुलीजबाब कोर्टात चालत नाही, पुरावा कायद्याचं कलम २५. मोक्का, म्हणजे संघटित गुन्हेगारीचा कायदा, असता तर एसपी दर्जाच्या अधिकाऱ्यासमोरचा चालला असता, पण इथे मोक्का नाही. चालतं फक्त कलम २७ पुरतं, म्हणजे त्याने सांगितल्यावरून जी वस्तू निघाली तेवढं, आणि तेही पंच, म्हणजे वस्तू काढताना हजर असलेले साक्षीदार, कोर्टात टिकले तर. माझ्या पीआयला झोप न लागायचं कारण मला इथे सापडलं. त्याला खरं माहितीय आणि ते कोर्टात सांगता येत नाही, आणि शिवाय पोराची दया येते, ती तर केस डायरीत लिहायची सोयच नाही.

पंच बघायला म्हणून मी सीबीएस बसस्टँडसमोरच्या कोर्टात जाऊन बसले, सुनावणी उघडी असते, कोणी अडवत नाही. साध्या चोरीची केस होती, पंच म्हणाला सही माझीच आहे, मजकूर माहीत नाही. इतक्या थंडपणे! कुणी दचकलंसुद्धा नाही, जज लिहून घेत राहिले.

आता उलटतपासणीचं प्रकरण चालू आहे आणि माझा पंच फितूर होणार की नाही तेच ठरत नाहीये. काका म्हणतात कर फितूर, खरं तेच आहे. बहीण म्हणते फितूर केलास तर मी पुढे वाचणार नाही. दोन्ही लिहून ठेवलेत, एडिटरला जे पटेल ते जाईल.