माइक ज्याच्या हातात

आमच्या घोडबंदर रोडच्या सेटवर साउंडवाल्याला फारसं कुणी विचारत नाही. लाइट लागला, कॅमेरा लागला, आर्टिस्टचा टचअप झाला, की मग कुणाला तरी आठवतं, "साउंड रेडी का रे?" बूम, म्हणजे लांब दांडीवरचा माइक, फ्रेममध्ये आला तर शिव्या. नाही आला तर तुम्ही तिथं होतात हेही कुणाच्या लक्षात नसतं. त्यामुळे फ्रेडरिक वाइजमन हा एवढा मोठा माहितीपटकार शूटिंगच्या वेळी स्वतः माइक धरायचा, हे कळलं तेव्हा मला जो आनंद झाला तो कॅमेरावाल्यांना कळायचा नाही.

कॅमेरा दुसऱ्याकडे. सुरुवातीच्या बऱ्याच फिल्म विल्यम ब्रेननं शूट केल्या, पुढे कित्येक दशकं जॉन डेव्हीनं. वाइजमन रेकॉर्डर लटकवून शेजारी. खोलीत कुठं काय रंगतंय, हे डोळ्याआधी कानाला कळतं. माइक तिकडं वळला की कॅमेरा मागोमाग. आमच्याकडे संवाद आदल्या रात्री (बरं, त्या दिवशी सकाळी) कागदावर आलेले असतात, त्यामुळे कुणाकडे वळायचं याचा प्रश्नच येत नाही.

गडी मूळचा कायद्याचा. १९३० साली बोस्टनमध्ये जन्म, येलमधून वकिली, मग शिकवणं. विद्यार्थ्यांना घेऊन तो ब्रिजवॉटरच्या मनोरुग्ण कैद्यांच्या संस्थेत जायचा. तिथंच १९६७ मध्ये 'टिटिकट फॉलीज' केली. कैद्यांच्या खासगीपणाचं कारण देऊन मॅसॅच्युसेट्सच्या न्यायालयानं तिच्या जाहीर प्रदर्शनावर बंदी घातली, ती पूर्ण उठायला १९९१ उजाडलं. दुसरा एखादा वकिलीकडे परतला असता. यानं मात्र शाळा, पोलीस, इस्पितळ, वेलफेअरची कचेरी अशा संस्थाच धरल्या आणि आयुष्यभर सोडल्या नाहीत. २०१६ मध्ये मानद ऑस्कर मिळालं.

निवेदन नाही, मुलाखती नाहीत, वरून चढवलेलं पार्श्वसंगीत नाही, माणसाचं नाव-हुद्दा सांगणारी पट्टीसुद्धा नाही. आधी फार अभ्यासही नाही, काही आठवडे शूटिंग आणि मग कित्येक महिने स्वतःच एडिटिंग. खरी फिल्म तिथं व्हायची.

आईला मी 'सिटी हॉल' दाखवली. २०२० ची फिल्म, बोस्टनच्या पालिकेवरची, २७२ मिनिटं. आई पालिकेतूनच कारकून म्हणून निवृत्त झालेली. सुरुवातीला कॉल सेंटरमध्ये तक्रारी घेणं चाललंय, तेव्हा म्हणाली, "कोण कोण आहेत हे सांगत का नाहीत रे?" थोड्या वेळानं विचारायची थांबली. कचऱ्याच्या गाडीत गादी चिरडतात तो शॉट टक लावून बघितला. शेवटाकडे डॉर्चेस्टर भागात गांजाच्या दुकानाबद्दलची लांबलचक सभा येते. दुकान काढणारे एका बाजूला, रहिवासी एका बाजूला, आणि आम्हाला आधी का विचारलं नाही, यावरून खडाजंगी. मला वाटलं आता डुलकी काढणार. तर ही पुढे सरसावून बसली. "बरोबर बोलतेय ती बाई. वॉर्डाच्या मीटिंगला अस्संच होतं."

या सभेचा आवाज हेडफोन लावून ऐका. एक जण बोलत असताना दुसऱ्याची कुजबुज, खुर्ची सरकणं, सगळं शाबूत. आम्ही हे सगळं 'साफ' करून टाकतो आणि मग वरून ढँणढँण म्युझिक ओततो.

एक मात्र पटत नाही. कॅमेरा नुसता बघत राहिला, असं वाइजमनच्या सगळ्याच फिल्मबद्दल बोललं जातं. खुद्द त्यालाही ते मान्य नव्हतं. प्रत्येक कट ही निवडच, असं तो म्हणायचा. १९६८ ची 'हाय स्कूल' घ्या. फिलाडेल्फियातली शाळा, पोरांना गप्प बसवणं, शिस्त, परवानगीच्या चिठ्ठ्या. शेवटी मुख्याध्यापिका एका माजी विद्यार्थ्याचं पत्र वाचते. तो व्हिएतनामला निघालाय, मेलो तर विम्याचे पैसे शाळेला द्या म्हणतो, स्वतःला काम करणारं एक शरीर म्हणवतो. असं पत्र येतं म्हणजे आपली शाळा यशस्वी झाली, असं बाई अभिमानानं सांगते. फिल्म तिथंच संपते. हेच पत्र मधे कुठं टाकलं असतं तर शाळेचं कौतुक वाटलं असतं. निवेदक लागतोच कशाला?

बाकी 'नियर डेथ' ३५८ मिनिटांची आहे, तीही अतिदक्षता विभागातली. ती मात्र मी आईला दाखवणार नाही.