‘असला’ कसा दाखवायचा?

बालकवींची ‘औदुंबर’ अवघ्या आठ ओळींची. सावकाश म्हटली तरी मिनिटाच्या आत संपते. तिच्यावर चार मिनिटांची शॉर्टफिल्म करायची म्हणून दोन वर्षं मी आणि दोन मैत्रिणी पुण्याहून मुळशीकडे खेपा घालत होतो.

आधी पायवाटेनंच दमवलं. कवितेत ती पांढरी आहे आणि भोवती हिरवं कुरण. पावसाळ्यात गेलं की कुरण हिरवंगार, पण वाटेचा नुसता तांबडा चिखल. उन्हाळ्यात वाट पांढुरकी, तर गवत वाळलेलं. दोन्ही एकत्र सापडायला घटस्थापना उजाडावी लागली.

पहिला कट कर्वेनगरला घरी बाबांना दाखवला. सुरुवातीलाच भलामोठा उंबर, वर माझ्या आवाजात कविता. ‘पायवाट’ म्हटलं की पायवाट, ‘डोह’ म्हटलं की डोह. बाबांनी जन्मभर शाळेत मराठी शिकवलं. म्हणाले, “अगं, झाड आधीच दाखवून टाकलंस. आता कवितेनं चालत जायचं कुठे?”

रात्री पुन्हा वाचली. खरंच, ती चालतच येते. दोन तट, झरा, टेकडीकडचं चिमुकलं गाव, शेतमळे, वाट, डोह. मग पाणी झाकळतं आणि अगदी शेवटच्या शब्दाला झाड. सावली आधी, झाड नंतर! आणि त्या झाडाच्या अलीकडे ‘असला’. असला म्हणजे कसला, ते बालकवी सांगतच नाहीत. म्हणून तर कुणाला तिथे विरक्त योगी दिसतो, कुणाला उदासी. कॅमेऱ्याला मात्र ‘हा’ एवढंच म्हणता येतं. हा बुंधा, ही फांदी.

मग माझा आवाज काढून टाकला, झाडाचे सगळे शॉटही काढून टाकले. राहिला तो डोहावर पसरत जाणारा काळिमा आणि पाण्यात उतरलेली मुळं. पिकलेलं उंबर पाण्यात पडतं त्याचा आवाज हवा होता. तासभर रेकॉर्डर लावून बसलो, तीनदा मिळाला. तिसरा छान टपोरा, ‘डुब’. त्याच्या मागोमाग खंड्या ओरडलाय, तोही ठेवला. तरंग काठाला लागतात, पडदा काळा होतो आणि तेव्हा शेवटची ओळ ऐकू येते.

ती बाबांच्या आवाजात आहे. भर दुपारी, खिडकीला गोधडी लावून त्यांच्याकडून सात वेळा म्हणून घेतली. सातही वेळा ते ‘असला’पाशी किंचित थांबले.